जनी कुठे बघत होती

कुणालीने वीस वर्षांत मोर्चे, उपोषणं, धरणात गेलेली गावं चित्रित केली. पण तिचं नाव झालं ते वीटभट्टीवरच्या कातकऱ्यांच्या माहितीपटाने. त्यात सोळा वर्षांची जनी होती, विटा थापता थापता बोलणारी. चित्रीकरणानंतर थोड्याच दिवसांत ती गेली. तापाने, असं भट्टीवरून कळवलं होतं.

माहितीपट परदेशात फिरून आला, तरी धसईजवळच्या जनीच्या वाडीत कुणी तो दाखवला नव्हता. शेवटी कुणालीच लॅपटॉप घेऊन गेली. जनीची आई गोदी त्या हंगामात आजारी सासूपाशी घरी राहिली होती, पोरगी काकाबरोबर भट्टीवर गेली होती.

गोदी रडली नाही. "परत लाव," म्हणाली. मग पुन्हा एकदा. आणि मग विचारलं, "तिकडं कोन व्हता गो?"

"कुठे, मावशी?"

"बोलता बोलता मदीच तिकडं बघते ती. भ्यालेली हाय माजी पोर."

त्याच डोळ्यांसाठी कुणालीने तेव्हा कॅमेरा आणखी जवळ नेला होता. तिकडे तो एकदाही वळवला नव्हता.

वाशिंदच्या घरी तिने वगळलेलं सगळं चित्रण काढून पाहिलं. प्रत्येक तुकड्यात जनीची नजर बाजूला सरकत होती. मग कुणालीला सवयच जडली. चहा गाळताना, रस्त्यात चालताना तिची मान आपसूक त्या बाजूला वळायची. तिथे कुणी नसायचं.

न राहवून ती गोदीला आणि जनीच्या काकाला, पोश्याला, घेऊन भट्टीवर गेली. भट्टी कधीच बंद पडली होती, राखेत गवत माजलं होतं. पोश्याने थापणीची जागा दाखवली. गोदी तिथे उकिडवी बसली आणि जनी बघायची तिकडे तिने पाहिलं. समोर पत्र्याची खोली होती. दाराला कुलूप.

"कोनाची रं ही?"

"मुकादमाची." पोश्याने मान वर केली नाही. "हजेरी लिवाया बोलवायचा तिला."

"आन् तू जाऊ दिलीस?"

"मी काय बोलनार व्हतो, वहिनी?"

गोदी उठली. दारापाशी जाऊन तिने दोन्ही हातांनी कुलूप ओढून पाहिलं. कुणालीने कॅमेरा काढला, पण गोदीच्या तोंडावर धरायला तिचा हात धजेना.

"माजं नको," गोदी म्हणाली. "दार घे. पुरा घे."

कुणाली दार घेत राहिली. गोदी बस म्हणेपर्यंत घ्यायचं, असं तिने ठरवलं होतं. गोदी काही बस म्हणाली नाही.