सासूबाईंचा हात

या, असे जवळ सरका. ते दार लोटून घ्या, वारा येतो. एका हाताची गोष्ट आहे. ऐकून झाल्यावर घटकाभर आपल्याच हाताकडे बघत बसाल, एवढं वचन माझं.

"आधी त्यांचा धू," मालसुन आजी म्हणाली.

मिओकने कोमट पाण्यातून पिळलेला पंचा आजीच्या उजव्या हाताशी नेला होता. तो तसाच थांबला.

"कोणाचा, आजी?"

"कोणाचा म्हणजे? सासूबाईंचा. इथं आडव्या पडल्यात, दिसत नाही तुला? थोरल्यांचा राहिला बाजूला आणि माझा धुतेस होय? मला शिव्या खायला लावशील."

आजीच्या डाव्या अंगाला हात पडला होता. आजीचाच. खांद्यापासून निघालेला, तिच्याच सदऱ्याच्या बाहीतून बाहेर आलेला, मूठ घट्ट आवळलेला. आजी त्याच्याकडे बघत नव्हती, कारण डावीकडे ती बघायचीच नाही. पण उजवा हात चादरीवरून फिरताना त्याला लागायचा, आणि आजी दचकून म्हणायची, "अगं बाई, उठल्या वाटतं."

पलीकडच्या खाटेवर को आजी खोकत हसली. "मेली तरी सासू सुटली नाही हो हिला! माझी बरी. टेकडीवर पुरली तेव्हापासून एकदा फिरकली नाही."

"तुझ्याकडे कोण फिरकेल?" मालसुन आजी म्हणाली. "तुझा पोरगा तरी फिरकतो का?"

बोलग्योच्या खाडीवर मालसुन आजीने साठ वर्षं शिंपल्या वेचल्या. तिच्या माहेरी पाच मुली झाल्या तेव्हा पाचवीचं नाव बापाने मालसुन ठेवलं, म्हणजे मुलींत ही शेवटची असो. ती खरंच शेवटची ठरली, एवढंच तिचं कौतुक. एकोणिसाव्या वर्षी लग्न होऊन खाजणाच्या काठी आली, फळीवर एक गुडघा टेकून दुसऱ्या पायाने चिखलात ढकलत जायला शिकली, आणि एकोणऐंशी वर्षांची होईतो तेच केलं. मग एका हिवाळ्यात चुलीपुढेच कोसळली. डावं अंग गेलं, आणि तिला रुग्णालयात आणलं.

मिओक त्या रुग्णालयात रुग्णांची देखभाल करायची. सगळे तिला मावशी म्हणत. सीमेपलीकडच्या यान्जी शहरातून येऊन तिला बारा वर्षं झाली होती. बोलण्यातला तिकडचा हेल काही गेला नव्हता. या बारा वर्षांत तिने काय काय पाहिलं! सपाट फरशीवर ज्याचा पाय चिकटून बसायचा तो म्हातारा जिना मात्र टकाटक चढायचा. एक पोरगी, तिचा हात आपण वर उचलला तर तासभर तसाच वर. जशी कोणी मेणाची बाहुली करून ठेवलेली. मिओक शिकलेली नव्हती, पण दर वेळी तिच्या अंगावर काटा यायचा. मनात म्हणायची, हे शरीर म्हणजे केवढं मोठं देऊळ, आणि आपण फक्त उंबऱ्यापाशी झाडलोट करतो.

रविवारी आजीचा मुलगा इन्गिल आला. त्याने आईचा डावा हात उचलून तिच्या नाकासमोर, पार उजवीकडे आणला.

"आई, हा वण बघ. शिंपल्याच्या सुरीचा. मी सात वर्षांचा होतो, मीच चिंधी बांधली होती. तुझाच हात आहे हा."

आजीने वण नीट पाहिला. "अंगठ्याच्या बुडाशी ना?"

"हो!"

"मग बरोबर. त्यांनाही तिथंच होता. एकाच चिखलात राबलो, वण काय वेगवेगळे येणार?"

"आजी जाऊन तीस वर्षं झाली, आई."

"मग? आल्या असतील परत. तुला विचारून यायला हवं होतं का?"

इन्गिल बाहेर गेला आणि बराच वेळ पाण्याच्या यंत्रासमोर पेला न भरताच उभा राहिला.

डॉक्टर प्यो ही तरुण मुलगी. तिने मिओकला बाजूला घेतलं. "मावशी, ह्यांच्या लेखी जगाची डावी बाजूच उरलेली नाही. वाटीतला डावीकडचा भात राहतो ना, तसंच. हात दिसत नाही, पण चाचपडताना लागतो. मग मन विचारतं, हा कोणाचा? आणि कुठून तरी उत्तर शोधून आणतं."

"पण सासूचंच का आणतं?"

"ते आमच्या पुस्तकात नाही." डॉक्टर जराशी हसली, मग गंभीर झाली. "मूठ बघितलीत? नखं तळव्यात रुतलीत. जखम चिघळायला लागलीय. रोज उघडून, धुऊन, ताणायला हवी. त्या हात लावू देत नाहीत. महिनाअखेरीपर्यंत उघडली नाही तर बोटं ओढून धरणाऱ्या शिरा कापाव्या लागतील, आणि या वयात भूल देणं... मला नाही सांगता येत, मावशी, पुढे काय होईल."

प्रयत्न कमी झाले नव्हते. व्यायाम करवणाऱ्या मुलाने बोटांना हात घातला की आजी किंचाळायची, "सोड, सोड त्यांना! थोरल्या माणसाशी असं वागतात?" दोनदा त्याला चावली. "तुमचाच हात आहे" असं जितकं सांगावं तितकी ती आक्रसायची, आणि मूठही तितकीच आवळायची.

मिओक दोन दिवस विचार करत राहिली. तिसऱ्या दिवशी सकाळी तिने केस नीट बांधले, नवा एप्रन घातला, आणि खाटेच्या डाव्या बाजूला जाऊन गुडघे टेकले. आजीपुढे नव्हे, हातापुढे.

"सासूबाई," ती म्हणाली, "मी यान्जीची मिओक. तुमच्या सुनेची मावशी आहे इथं. आंघोळीचं पाणी आणलंय. तुमची परवानगी असेल तर हात धुते."

पलीकडे काहीतरी चघळत पडलेल्या को आजीचं तोंड थांबलं. मालसुन आजी छताकडे बघत होती. "काय म्हणाल्या?" तिने हळूच विचारलं.

"काही बोलत नाहीत."

"मग हो म्हणाल्या. नाही म्हणायचं असलं की ऐकू यायचं, अख्ख्या गावाला."

मिओकने हात कोमट पाण्यात सोडला. मनगट आतल्या बाजूला वाकवलं, तसं बोटांचा ताण जरा सैलावला. घाई केली नाही. एकेका बोटाशी आर्जव करत राहिली, "या करंगळीला जरा सांगा ना, सासूबाई. हं, आता हे." अर्धा तास गेला. चौथं बोट सुटायला आलं तेव्हा आजी अचानक ओरडली, "नको! पुरे कर!"

"दुखतंय का त्यांना?"

"तसं नाही." आजीचा आवाज अगदी लहान झाला. "त्या मुठीत काय आहे, मला ठाऊक नाही."

मिओकने हात पाण्यातच धरून ठेवला.

"जायच्या दिवशी त्यांनी हात पुढे केला होता," आजी म्हणाली. "मी दारात होते, डोक्याला फडकं बांधून. ओहोटी लागली होती गं. खाजण कोणासाठी थांबतं? म्हटलं, दोन तासांत येते. आले तर मूठ मिटलेली. इतकी घट्ट की चौघींना उघडेना. तशीच पुरली. तीस वर्षं मला शिव्या दिल्या त्यांनी, पण ती शेवटची जी काय होती ना, ती हातातच राहिली. ती शिवी असेल, मावशी. दुसरं काय असणार?"



"मी बघू का?" मिओकने विचारलं. "तुम्ही नका बघू. मी बघून सांगते."

आजीने डोळे मिटले. अंगठा सुटला. तळवा उघडला: पांढरा, भिजून सुरकुतलेला, आंबूस वासाचा, आणि त्यावर चार नखांच्या चार लाल चंद्रकोरी.

"काय आहे?"

"काही नाही, आजी."

"नीट बघ."

"बघितलं. पाणी आहे नुसतं."

आजीने डोळे उघडले. मग म्हणाली, "पुसून घे कोरडा. त्यांना ओलं आवडत नाही."

त्या दिवसापासून रोज परवानगी विचारून हात धुतला जाऊ लागला. जखम भरली. शिरा कापायचा विषय डॉक्टरने आपणहून सोडला.

चौथ्या चांद्र महिन्यातल्या अष्टमीला बुद्धाचा जन्मदिवस. टेकडीवरच्या मठातली भिक्खुणी कागदी कमळकंदील घेऊन आली. लाकडी वाद्यावर ठेका धरत ती गाऊ लागली, आणि आवाज काय सांगू! पाच महिने न बोललेला माणूसही ओठ हलवू लागला. आई, बाप, सासू, सून, सगळ्यांचं ऋण ती एकेक करून गात होती. खोलीभर तळवे जुळले. मालसुन आजीचा उजवा हात मात्र छातीसमोर एकटाच उभा होता.

मिओक मदतीला सरसावली आणि थांबली. आजीचा उजवा हात खाली गेला. चादरीवर चाचपडला. डावं मनगट त्याला सापडलं. जड होतं ते, भिजलेल्या लाकडासारखं. दोनदा निसटलं. तिसऱ्यांदा तिने ते उचलून छातीशी आणलं, तळव्याला तळवा लावला.

"चला, सासूबाई," ती म्हणाली. "नमस्कार करू. एकटीनं होत नाही."

आणि माथा लववला. लववलेला माथा एकीचा आणि जोडलेले हात दोघींचे. ठेका धरणाऱ्या भिक्खुणीचा हातही क्षणभर चुकला.

नंतर कंदिलाला चिठ्ठी बांधताना भिक्खुणीने विचारलं, "नाव कोणाचं लिहू?"

"दोघींचं."

"त्यांचं नाव काय?"

"गुर्ये गावच्या. सगळे गुर्येकरीण म्हणायचे. खरं नाव..." तिने उजवीकडे मिओककडे बघितलं. "मी कधी विचारलंच नाही गं."

मालसुन आणि गुर्येकरीण, असं लिहून तो कंदील खिडकीत टांगला गेला.

शरदात मालसुन आजी गेली. मिओकने दोन्ही हात धुतले, आधी डावा, परवानगी विचारूनच. मालसुन आजी तुम्हाला आठवेल, ते मला ठाऊक आहे. पण कधी तळव्याला तळवा लागला तर त्या दुसरीचीही आठवण काढा, जिचं नाव कोणी विचारलं नाही.