वडगावचे दोन उमेदवार

परशराम चौथ्यांदा निवडणूक हरला तेव्हा त्याच्या पक्षात एकवीस माणसं होती. पाचव्यांदा जिंकला तेव्हा सात उरली होती. दोन मोठ्या पक्षांचे उमेदवार एकमेकांना पाडण्यात गुंतले आणि वडगावचा हा यंत्रमागवाला तीनशे बारा मतांनी आमदार झाला. सीमाभाग श्रमिक पक्षाचा बेंगळुरात पोचलेला तो पहिला माणूस.

विधानसभेत त्याला शेवटच्या रांगेत जागा मिळाली आणि बोलायला दोन मिनिटं. ती बहुधा जेवणाच्या सुट्टीच्या तोंडावर यायची. बाजारातलं कन्नड त्याला येत होतं, सभागृहातलं येत नव्हतं. म्हणून मूळच्या निपाणीच्या त्रिशला टीचरांकडं तो वर्षभर शिकवणीला गेला. तिसरीची पोरं आणि आमदार एकाच सतरंजीवर बसत. शुद्धलेखनात पोरं पुढं होती.

त्याची मागणी एकच होती. विणकरांच्या लाइनीला दिवसा सलग दहा तास वीज द्यावी. मध्येच वीज गेली की धागा तुटतो, साडीवर आडवी रेघ पडते आणि व्यापारी ती साडी बाजूला काढतो. मंत्री म्हणायचे, विचार करू. चार वर्षांत मंत्री तीन बदलले, उत्तर तेच राहिलं.

मग सत्तेतले काही आमदार फुटले आणि विश्वासदर्शक ठराव आला. पक्षाची बैठक परशरामच्याच घरी बसली. अध्यक्ष आण्णाप्पा, निवृत्त हेडमास्तर. सदस्यांत परशरामची बायको जयवंताही होती. दिवसभर मागासाठी सुताच्या कांड्या भरायची आणि बैठकीला पदर खोचून कोपऱ्यात बसायची. तटस्थ राहायचं ठरलं. सगळ्यांनी शब्द दिला, परशरामनंही.

बेंगळुरात एका मंत्र्यानं त्याला खोलीत बोलावून समोर कागद ठेवला. दहा तास विजेचा आदेश, सहीशिक्क्यासकट. परशरामनं तो दोनदा वाचला. शिकवणी उपयोगी पडली. दुसऱ्या दिवशी तो सरकारच्या बाजूनं उभा राहिला. सरकार एका मतानं वाचलं.

तो परत आला त्या संध्याकाळी पुन्हा बैठक बसली.

"शब्द दिलतास का न्हाईस?" आण्णाप्पांनी विचारलं.

"दिलतो."

"मग?"

"चार वर्षं मागत हुतो तोच कागद हुता, आप्पा."

"कागद चांगलाच हाय. मी शब्दाचं इचारतोय."

 परशरामला पक्षातून काढायच्या ठरावावर हात वर झाले. बाजूनं तीन, विरोधात दोन. जयवंता चहाचे कप गोळा करत होती. तिनं ट्रे खाली ठेवला आणि बाजूनं चौथा हात वर केला.

त्याची आमदारकी काढावी असं पत्र बेंगळुराला पाठवायचंही ठरलं. पण असं पत्र लिहिण्याइतकं कन्नड पक्षात एकट्या परशरामलाच येत होतं. त्यानं लिहून द्यायची तयारी दाखवली. आण्णाप्पांनी ती नाकारली.

सगळे गेल्यावर तो म्हणाला, "तू पण?"

"मीबी सदस्य हाय," जयवंता म्हणाली. "वीज आणलासा ते चांगलं केलासा. पर एक फोन करायचा हुता."

दोन महिन्यांत लाइन सुरू झाली. वडगावातले आणि शेजारच्या शहापुरातले माग सकाळी लागले की संध्याकाळपर्यंत थांबेनात.

पुढच्या निवडणुकीला पक्षानं जयवंताला उभं केलं. परशरामनं अपक्ष अर्ज भरला. काम आपण केलंय, लोक विसरणार नाहीत, असं त्याला मनापासून वाटत होतं. घरात स्कूटर एकच. सकाळी शेजारीण ती चालवायची आणि जयवंता मागं बसून प्रचाराला जायची, संध्याकाळी परशराम ती न्यायचा. घरी कुणी प्रचाराचं बोलायचं नाही. अर्ज मागं घ्यायचा दिवस आला आणि गेला.

भावकू नावाच्या म्हाताऱ्या विणकरानं परशरामला दारातच गाठलं. "कुणाला देऊ रं मत?"

"लाइन मी आणलीय."

"म्हंजे तुला?"

परशरामनं जरा विचार केला. "पक्ष तिच्याकडं हाय. बघ तू."

जयवंता आठशे चाळीस मतांनी पडली. परशरामला एक हजार नऊशे सहा मतं पडली होती. मतमोजणीच्या हॉलमध्ये आण्णाप्पांनी दोन्ही आकडे ऐकले, चष्मा काढून पुसला आणि ते बाहेर गेले. नवराबायको स्कूटरवरून घरी आली. जयवंतानं साडी बदलली आणि भात चढवला.

"अर्ज मागं घ्या म्हणाली न्हाईस तू," तो म्हणाला.

"तुमचं तुमाला कळंल म्हटलं."

"न्हाय कळलं."

"व्हय. दिसलं ते."

तो खाली मान घालून बसला. तिनं ताट वाढलं, त्याच्या पानात भाजी घातली आणि स्वतःचं पान घेऊन शेजारी बसली.  तिनं तांब्या पुढं सरकवला.

रविवारी दोघं मतदारांचे आभार मानायला बरोबरच निघाली. शहापुरात एका बाईनं दोघांना बसवून चहा दिला.

"तुमच्यातलं पडलं कोण म्हणायचं?" तिनं विचारलं.

"दोघंबी," जयवंता म्हणाली आणि कप ठेवून पुढच्या घराकडं निघाली.