निजपेशीची तिसरी चिठ्ठी

आमच्या परिभाषा कोशात शब्द आत यायचा तर त्याला तीन चिठ्ठ्या लागतात. तीन वेगळ्या माणसांनी, तीन वेगळ्या ठिकाणी, तो शब्द बोलता-लिहिताना सहज वापरलेला असला पाहिजे. ज्याने शब्द घडवला त्याचा वापर धरत नाहीत, कारण स्वतः घडवलेला शब्द माणूस गरज नसताना चारदा बोलतो. कोशात काम करणाऱ्यांचाही धरत नाहीत, नाहीतर दुपारच्या चहाला आम्हीच पाच-पन्नास शब्द पाडून मोकळे झालो असतो. नियम कडक आहे, आणि सव्वीस वर्षं मी तो इतरांना तोंड वर करून ऐकवत आले आहे.

चष्म्याच्या दुकानावर, तिसऱ्या मजल्यावर आमची एक लांबट खोली आहे. भिंतीला लागून लाकडी कप्पे, कप्प्यांत पोस्टकार्डाएवढ्या चिठ्ठ्या, चिठ्ठ्यांना रबरबँड. दुपारी खिडकीतून ऊन येतं आणि कप्प्यांवरून सावकाश सरकत जातं; ‘अ’पासून निघतं, चार वाजेपर्यंत ‘प’ला पोचतं, आणि मग त्याला कंटाळा येतो. त्या वेळी खोलीत कुणी बोलत नाही. जुन्या कागदाच्या वासाने डोळ्यांवर झापड येते, आणि आत पडलेले शब्दही हळूहळू श्वास घेत असावेत असं मला कितीदा तरी वाटलेलं आहे. सगळ्यात खालचा कप्पा तीन चिठ्ठ्या न भरलेल्या शब्दांचा. त्यात एक शब्द दोन चिठ्ठ्यांवर अकरा वर्षं पडून होता: निजपेशी.

तो माझ्या बाबांचा शब्द. बाबांनी चौतीस वर्षं शाळेत जीवशास्त्र शिकवलं. पेशी वाढते, दुभंगते, एकीच्या दोन होतात, हे मुलांना पटकन कळायचं. पण काही पेशी हे सगळं थांबवतात. त्या मेलेल्या नसतात, थकलेल्याही नसतात. वर्षानुवर्षं नुसत्या पडून राहतात, आणि जखम झाली, यकृताचा तुकडा कापला गेला, की उठतात आणि कामाला लागतात. पाठ्यपुस्तकात त्यांना ‘विभाजन थांबवून विश्रांतावस्थेत गेलेल्या पेशी’ म्हटलं होतं. बाबा म्हणायचे, एवढं वाचेपर्यंत मागच्या बाकावरची मुलंच विश्रांतावस्थेत जातात. म्हणून त्यांनी निजपेशी हा शब्द केला आणि बत्तीस पानांच्या एका सायक्लोस्टाइल पुस्तिकेत घातला.

त्या पुस्तिकेत त्या शब्दाखाली एक ओळ आहे. ‘चेतापेशींना निजपेशी म्हणू नये. त्या झोपलेल्या नसतात. त्या गेल्या की गेल्या.’

बारा वर्षांची असताना ही ओळ मी घडाघडा पाठ म्हणून दाखवायचे. अलीकडे मी ते पान उलटते. तीन वर्षांपूर्वी डॉक्टरांनी बाबांच्या मेंदूचा फोटो उजेडासमोर धरला, तेव्हा मी, शिक्षकाची मुलगी, कोशातली बाई, वेड्यासारखं विचारलं होतं, “या चेतापेशी झोपल्यात का?” डॉक्टर नाही म्हणाले. आधी बाबा शेजाऱ्यांची नावं विसरले, मग घरचा पत्ता, मग मी त्यांची कोण हे. मला ते आता ‘अहो बाई’ म्हणतात, फार अदबीने. त्या अदबीचा मला इतका राग येतो की कधीकधी मी स्वयंपाकघरात जाऊन भांडी आपटते.

म्हणून तो शब्द मला हवा होता. आमच्याकडे नोंद संपली की तिच्याखाली, उजव्या बाजूला, शब्द घडवणाऱ्याचं नाव बारीक टायपात छापतात. बाबांचं सगळं पुसत चाललं होतं. निदान तिथे ते नाव राहील, कुणी बघो न बघो, असं मी मनाशी धरून बसले होते. दोन चिठ्ठ्या होत्या. एक जनावरांच्या डॉक्टरच्या पत्रातली, एक दवाखान्याच्या छापील पत्रकातली. तिसरी मिळत नव्हती, आणि त्या शुक्रवारी ‘न’ छापखान्यात जाणार होता. पुढची आवृत्ती निघायला आमच्या चालीने पंधरा वर्षं लागली असती.

मंगळवारी मी चिठ्ठी बनवली. माझ्या हाताखाली कुणी असं केलं असतं तर मी त्याची खरडपट्टी काढली असती. ‘कोण बोललं’ या रकान्यात मी माळी लिहिलं, ‘कुठे’ या रकान्यात सार्वजनिक बाग. वाक्य लिहिलं: ‘फांदी छाटली की तिथल्या झोपलेल्या निजपेशी जाग्या होतात आणि पुन्हा वाढू लागतात.’ अक्षर मुद्दाम घाईचं काढलं. मग चिठ्ठी कप्प्यात सरकवली आणि साळसूदपणे ‘नाभिक’कडे वळले.

आमच्या मुख्य संपादकांना सगळे पूर्णविराम म्हणतात. ते बोलले की पुढे कुणाला बोलायला काही उरत नाही, म्हणून. जेवणानंतर त्यांनी मला बोलावलं. चिठ्ठी त्यांच्यासमोर टेबलावर होती.

“हा माळी कुठे भेटला?”

“बागेत.”

“माळी बागेतच भेटतात.” त्यांनी चिठ्ठीवर बोट ठेवलं. “बाई, जो माणूस शब्द खरंच वापरतो, तो त्याचा अर्थ सांगत बसत नाही. तो घाईत असतो, त्याला काहीतरी दुसरंच सांगायचं असतं. तुमच्या माळ्याने झोपलेल्या म्हटलं, जाग्या होतात म्हटलं, वाढतात म्हटलं. अर्धी नोंद लिहून दिली की त्याने.”

मी चिठ्ठी उचलायला हात पुढे केला. कान तापले होते.

“ही चिठ्ठी मी बघितलेली नाही,” ते म्हणाले आणि तिची घडी करून माझ्या हातात दिली. “शुक्रवारी ‘न’ जाणार.”

तेवढ्यावर थांबले असते तर बरं झालं असतं. पण मी दाराशी पोचल्यावर त्यांनी विचारलं, “तुमच्या मसुद्यात चेतापेशींची टीप नाही. पुस्तिकेत होती असं आठवतं.”

“जागा पुरली नाही,” मी म्हटलं. माझ्या मसुद्यात चांगली चार ओळींची जागा मोकळी होती, आणि ते त्यांनाही दिसत होतं.

बुधवारी मी रजा टाकली. मला कुणाचं तोंड बघायचं नव्हतं, स्वतःचं तर मुळीच नाही. बाबांना सांभाळणाऱ्या मावशींना सुट्टी दिली. दुपारी बाबा खिडकीजवळच्या खुर्चीत बसले, मी पलंगाच्या कडेला कलंडले. पडद्यातून ऊन गाळून येत होतं आणि खालच्या रस्त्यावर कुणीतरी सायकलच्या चाकात हवा भरत होतं, त्याचा आवाज थांबून थांबून येत होता. मग तो आवाज कप्प्यांतून यायला लागला. मी आमच्या लांबट खोलीत उभी होते, पण कप्पे छतापर्यंत गेले होते आणि सगळे थोडे थोडे उघडे होते. प्रत्येकात काहीतरी गोल, फिकट, डोळे मिटून पडलेलं होतं. वर-खाली होत होतं. बाबा हातात डस्टर घेऊन त्यांच्यामधून चालले होते, आणि पायाचा आवाज होऊ नये म्हणून त्यांनी चपला काढून काखेत धरल्या होत्या. मी त्यांना हाक मारणार होते, पण त्यांनी ओठांवर बोट ठेवलं. मग एका कप्प्याजवळ ते वाकले आणि नखाने फळी खरवडायला लागले, खर्र, खर्र.

डोळे उघडले तरी खरवडणं चालूच होतं. आठवड्यापूर्वी बाबांचा गुडघा बाल्कनीच्या दाराला घासला होता. त्यावर खपली धरली होती आणि बाबा पायजमा वर करून ती खाजवत होते.

“बाबा, नका ना. रक्त येईल. थांबा, मलम लावते.”

“कशाला उगाच त्रास घेता, अहो बाई,” ते म्हणाले. “निजपेशी उठल्यात, आता खाज तर सुटणारच. चारेक दिवस चालेल.”

मी मलमाची ट्यूब हातात धरून तशीच उभी राहिले. तीन वर्षांत त्यांच्या तोंडून हा शब्द मी ऐकला नव्हता. झोप उतरली नव्हती, त्यामुळे हे अजून स्वप्नातलंच आहे असं क्षणभर वाटलं.

“काय उठल्यात?” मी विचारलं.

“निजपेशी.”

“हा शब्द कुणाचा, बाबा?”

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. वर्गात न ऐकणाऱ्या मुलाकडे पाहायचे तसं नाही, पाहुण्याकडे पाहावं तसं, समजुतीने. “कुणाचा म्हणजे? शब्द आहे तो. तुमच्याकडे म्हणत नाहीत का? आमच्याकडे सगळे म्हणतात.”

मी खाली बसले आणि त्यांच्या गुडघ्याला मलम लावलं. खूप वेळ लावत राहिले, कारण मान वर केली असती तर त्यांना माझे डोळे दिसले असते, आणि मग त्यांनी परक्या बाईची विचारपूस केली असती. ते मला सहन झालं नसतं.

गुरुवारी दुपारी मी पूर्णविरामांच्या टेबलावर चिठ्ठी ठेवली. वाक्य जसंच्या तसं. ‘कोण बोललं’ या रकान्यात लिहिलं होतं: निवृत्त जीवशास्त्र शिक्षक, वय एक्याऐंशी. हा शब्द आपण घडवला हे त्यांना आठवत नाही.

त्यांनी चिठ्ठी वाचली. चष्मा पुसला आणि पुन्हा वाचली.

“ही खरी आहे,” ते म्हणाले.

“घडवणाऱ्याचा वापर धरत नाहीत, माहीत आहे मला. तरी ठेवली. बाद करायची तर तुम्ही करा, माझ्या हाताने होणार नाही.”

“घडवणारा आपला शब्द खपवायला बघतो, म्हणून तो नियम. हे गृहस्थ काही खपवत नाहीयेत. त्यांना खाजतंय.” पूर्णविरामांनी चिठ्ठी बाजूला ठेवली. आयुष्यात पहिल्यांदा त्यांच्या वाक्याला पुढे वाक्य होतं. “पण बाई, एक माणूस दोन ठिकाणी बसणार नाही. ही चिठ्ठी धरली तर ते वापरणारे झाले, मग घडवणारे म्हणून त्यांचं नाव छापता येणार नाही. नाव ठेवायचं तर चिठ्ठी बाद, आणि चिठ्ठी बाद तर शब्दच नाही. शब्द छापला तर त्याखाली नावाची जागा मोकळी जाईल. विचार करून सांगा.”

मला त्यांचा इतका राग आला की त्यांची शाईची दौत उलटी करावीशी वाटली. अकरा वर्षं मी शब्दासाठी थांबले नव्हतेच, नावासाठी थांबले होते. मी जागेवर जाऊन बसले. ऊन ‘क’वर होतं, मग ‘ग’वर आलं. आमच्याकडे सगळे म्हणतात, असं बाबा किती सहज म्हणाले होते. त्यांच्या डोक्यात तो शब्द हवा-पाण्यासारखा कायमचा होऊन बसला होता, आणि तिथे त्याला कुणाच्या नावाची गरज नव्हती. गरज मला होती.

मी मसुदा काढला, पट्टी लावली आणि बाबांचं नाव एका सरळ रेघेने खोडलं. मग त्याच मसुद्यात, जिथे चार ओळींची जागा मोकळी होती, तिथे एक ओळ लिहिली. ती लिहायला मला नाव खोडण्यापेक्षा जास्त वेळ लागला.

दहा दिवसांनी छापखान्यातून सुटी पानं आली. पूर्णविरामांनी न बोलता त्यातलं एक माझ्या पिशवीत घातलं. दुपारी बाबा खिडकीजवळ बसले होते. गुडघ्यावरची खपली पडून खाली गुलाबी कातडं आलं होतं.

“काही वाचून दाखवू?”

“वाचा की.”

“निजपेशी. विभाजन थांबवून विश्रांत राहिलेली, पण जखम झाल्यास किंवा तशीच गरज पडल्यास पुन्हा विभाजनास लागणारी पेशी.”

बाबा ताठ बसले. “आणि चेतापेशींचं? मुलं नेमकं ते विसरतात.”

मी पुढची ओळ वाचली. “चेतापेशींना हा शब्द लावत नाहीत.”

“हं,” ते म्हणाले. “द्या इकडे.”

पान मांडीवर घेऊन त्यांनी सदऱ्याचा खिसा चाचपला. मी माझं लाल पेन पुढे केलं. त्यांनी ओळीवरून बोट फिरवत सगळी नोंद वाचली, समासात बरोबरची खूण केली, आणि नोंद संपते तिथे खाली, उजव्या बाजूला, चौतीस वर्षं प्रत्येक वहीत करायचे तशी न थांबता पूर्ण नावाची सही केली. अक्षर जरा हललं होतं. नाव मात्र स्वच्छ वाचता येत होतं.

पान माझ्या हातात देत ते म्हणाले, “लिहिणारा जाणता दिसतो. भेटला तर त्याला सांगा, बरोबर लिहिलंय.”

“सांगते,” मी म्हटलं.