तिच्या खेळातलं माझं दुकान

बायकोला जाऊन सात आठवडे झाले होते. त्या मंगळवारी मला कळलं, की तिचा खेळही गेला.

दुपारी दुकानातून जेवायला घरी आलो आणि तिच्या कॉम्प्युटरसमोर बसलो. खेळाच्या चित्रावर दोनदा टिचकी मारली. पडद्यावर एक चौकट आली. अमुक एक फाइल सापडत नाही, म्हणून खेळ सुरू होत नाही, असं तीत लिहिलं होतं. फाइलचं नाव म्हणजे नुसती अक्षरं आणि आकडे, शेवटी डीएलएल. बटण दाबलं की चौकट जायची, पण खेळ काही यायचा नाही.

त्या खेळात तिने एक गाव वसवलं होतं. चार वर्षं रोज संध्याकाळी ती ते बांधत होती. शेवटच्या महिन्यात तिने मला दोनदा हाक मारली, "अहो, या ना, तुमचं दुकान बांधतेय." मी शिलाई मशिनी दुरुस्त करतो. घरी आणलेलं काम हातात होतं. आलोच म्हणालो आणि गेलो नाही. आता मला तेवढं दुकान पाहायचं होतं.

फाइलचं नाव इंटरनेटवर शोधलं. एका साइटवर ती एकटी फाइल फुकट मिळत होती. ती उतरवून खेळाच्या फोल्डरमध्ये ठेवली. चौकट पुन्हा आली, या वेळी नुसत्या आकड्यांची. मग मेहुणीला फोन लावला. ती एका कारखान्यातले कॉम्प्युटर सांभाळते. बहिणीच्या कॉम्प्युटरवर हा खेळ तिनेच बसवून दिला होता.

सगळं ऐकून घेऊन ती म्हणाली, "दाजी, रस्त्यात सापडलेली सुई तुम्ही गिऱ्हाइकाच्या मशिनीत घालता का?"

तिने आधी ती फाइल काढायला लावली आणि व्हायरस तपासायला लावले. मी विचारलं, सगळा खेळच काढून परत टाकू का? ती घाईने नको म्हणाली. गाव कुठल्या फोल्डरमध्ये साठवलेलं असतं ते सांगितलं आणि त्याची नक्कल पेन ड्राइव्हवर घ्यायला लावली. पेन ड्राइव्ह मी शर्टाच्या खिशात ठेवला. पुढचं सगळं होईपर्यंत माझा एक हात खिशावरच होता.

मग तिने विचारलं, एवढ्यात कॉम्प्युटरवरून काही काढलंत का? सांगणं भाग होतं. बायको गेल्यावर पंधरा दिवसांनी, हाताला काहीतरी काम हवं म्हणून, मी तो साफ केला होता. त्यातल्या प्रोग्रॅमच्या यादीत एकाच नावाच्या सात-आठ गोष्टी होत्या, फक्त साल वेगळं. मला वाटलं, एकच माल पुन्हा पुन्हा आलाय. एक ठेवली, बाकीच्या उडवल्या.

मेहुणीने समजावलं, की ती बऱ्याच प्रोग्रॅमना लागणाऱ्या सामाईक फाइलींची पॅकेजं असतात, प्रत्येक वेगळं, आणि हरवलेली फाइल त्यांतल्याच एकातली होती. दुकानातली तेलाची कुपी कुठल्या एका मशिनीची नसते, पण ती फेकली तर सगळ्याच अडतात, तसं.

"ताईने इतकी वर्षं तुम्हाला माउसला हात लावू दिला नाही, ते उगाच नाही," ती म्हणाली.

आम्ही दोघं हसलो. हसता हसता तिला रडू आलं. मी फोन कानाला धरून बसून राहिलो.

मग तिने सांगितलं तसं ते पॅकेज बनवणाऱ्या कंपनीच्याच साइटवरून उतरवलं, बत्तीस बिटचं आणि चौसष्ट बिटचं, दोन्ही टाकली. कॉम्प्युटर बंद करून चालू केला. टिचकी मारली. चौकट आली नाही. आधी बासरीसारखे सूर आले. शेजारच्या खोलीत बसून चार वर्षं मी ते ऐकत होतो.

दुकान पुलाजवळ आहे. खिडकीत मशीन आहे. दाराशी बाक आहे. माझ्या खऱ्या बाकाचा एक पाय आखूड आहे, त्याखाली मी चपटा दगड घातलाय. तिनेही घातलाय. छप्पर मात्र अर्धंच आहे आणि उरलेली कौलं भिंतीशी रचून ठेवलीत.

फोनवर हे ऐकून मेहुणी म्हणाली, पूर्ण करा, कुठलं बटण दाबायचं ते मी सांगते. मी म्हणालो, सेव्ह केलं की खेळाच्या यादीत गावापुढे असलेली तिची शेवटची तारीख बदलेल. वेगळ्या नावाने सेव्ह करता येतं, असं ती म्हणाली. ते मला पटलंय.

रोज दुपारी जेवण झालं की मी दहा मिनिटं त्या दुकानासमोर उभा राहतो आणि काही न बदलता बाहेर येतो. छप्पर अजून घालायचं राहिलंय.