उजव्या बाहीची करामत

"लोळला! लोळला!"

हॉलमध्ये एकच गलका. मार्जारस्वामींनी उजवा हात फिरवला मात्र, शेजारच्या आजोबांचा साहेब, महिनाभर मरगळलेला बोका, चारी पाय वर करून लोळायला लागला. मग दुसरं मांजर. मग तिसरं.

"रक्तातलं विष पळालं!" स्वामी गरजले. "डॉक्टर त्याला ल्युकेमिया म्हणतात. आम्ही त्याला 'चल, नीघ' म्हणतो! आता प्रत्येकाने अमृत चाटायचं."

अमृताचा वाडगा एकच. आधी साहेब, मग बाकीची रांग.

शंकीच्या आईच्या कुशीतलं बटण, म्हणजे शंकीचं इवलंसं मांजराचं पिल्लू, मात्र ढिम्म. त्याने स्वामींच्या हाताखाली जांभई दिली.

"याची श्रद्धा कच्ची. उद्या आणा, मग अमृत."

"मांजराला श्रद्धा असते?" शंकीने विचारलं. घरात तिला शंकी म्हणतात ते काही उगाच नाही.

"गप्प बस गं!" आई.

(इथून गोष्ट पळते लॉन्ड्रीत.)

लॉन्ड्री शंकीच्या पप्पांची. संध्याकाळी तिथे स्वामींचा झगा धुवायला आला. दुकानातली म्हातारी मांजर एरवी गिऱ्हाइकाकडे ढुंकून बघत नाही. ती झग्यावर तुटून पडली. झग्यावर कसली, फक्त उजव्या बाहीवर! गाल घासले, लाळ गाळली, लोळली.

"पप्पा, स्वामी आहेत का इथे?"

"नाहीत की."

"मग चमत्कार कोण करतंय?"

पप्पांनी बाही हुंगली. "पुदिन्यासारखं काहीतरी..."

शंकीने बटणाला बाहीवर बसवलं. जांभई.

"पप्पा, एवढी बाही धुऊ नका हं!"

दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर शंकी झगा घेऊन प्राण्यांच्या डॉक्टरीणबाईंकडे. बाई खो खो हसल्या. "कॅटनिप! पुदिन्याच्याच कुळातलं झुडूप. त्याच्या वासाने बरीचशी मोठी मांजरं थोडा वेळ बेभान होतात. आजारीसुद्धा. लहान पिल्लांवर परिणाम होत नाही."

"आणि साहेबापासून सगळ्यांना एकाच वाडग्यातलं अमृत चाटवतात, त्यात काय असतं?"

बाईंचं हसू थांबलं. "वाडगा? सगळ्यांना एकच? अगं, साहेबाच्या रक्तात मांजरांच्या ल्युकेमियाचा विषाणू आहे, मीच तपासलंय. तो लाळेतून पसरतो!"

आणि आई तर बटणाला घेऊन केव्हाच निघाली होती.

(आता गोष्ट धावते. शंकी पुढे, बाई मागे.)

हॉल. आईच्या हातात बटण. बटणासमोर वाडगा. बटणाची जीभ बाहेर.

"आई, थांब!"

शंकीने झगा भिरकावला. क्षणात सगळी मांजरं स्वामींकडे पाठ फिरवून उजव्या बाहीवर! दुसऱ्या झग्यातले स्वामी हातवारे करत राहिले, त्यांच्यासाठी एक शेपूट हललं नाही. आईने बटणाला छातीशी घट्ट धरलं.

बाईंनी वाडगा उचलला. "या आजाराला चमत्कार नाही, काळजी आहे. इथे चाटलेल्या प्रत्येक मांजराची तपासणी करा, आज आणि काही आठवड्यांनी पुन्हा. निरोगी असेल त्याला लस द्या. लस आजार टाळते, बरा करत नाही. मांजर घरातच ठेवा. नवं आणलंत तर तपासल्याशिवाय जुन्यांत सोडू नका."

"आणि माझा साहेब?" आजोबांनी विचारलं.

"तो आजार जायचा नाही, आजोबा. पण त्याला इतर मांजरांपासून वेगळं, घरात, नीट जपलंत तर राहिलेले दिवस मजेत जातील."

आजोबांनी साहेबाला बाहीवरून अलगद उचललं. "चल रे. आजपासून तुझं ताट वेगळं, माझी मांडी तीच."

"माझा झगा..." स्वामी पुटपुटले.

"धुऊन देऊ की," शंकी म्हणाली. "पण मग तो लोळवणार नाही हं."

तेव्हा मंडळी, हात फिरवणाऱ्याची आधी बाही हुंगा. मांजर सुस्तावलं तर डॉक्टरांचं दार गाठा. आणि श्रद्धा कुठे ठेवायची ते तुमचं तुम्ही ठरवा; वाडगा मात्र ज्याचा त्याला ठेवा.