कमी मनुक्यांचा पाव

त्या काळी वेल्सच्या डोंगरातल्या आमच्या गावात चॅपेलच्या वार्षिक चहाला प्रत्येक बाईचं आपलं टेबल असे. आपलं कापड, आपल्या कपबशा, आपला पाव. कोण कुणाच्या टेबलाशी बसतं, त्यावरून गावाला सगळं कळे. कॅथरिन आणि तिची मैत्रीण लौरी यांचं टेबल लग्नाआधीपासून एकच होतं. पाव कॅथरिनचा, कपबशा लौरीच्या.

पण पाटीच्या दगडाच्या खाणीतला संप आता दुसऱ्या वर्षात गेला होता, आणि कॅथरिनचा नवरा इवान ईस्टरनंतर संप मोडून कामावर परतला होता. त्यांच्या लहानग्या लेकीची, नेस्टाची, छाती भरली होती, घरात दुधाचा थेंब नव्हता. गावाला ते कारण पुरलं नाही. लौरीचा नवरा अजून संपावर होता. झऱ्यावर गाठ पडली की लौरी अर्धी बादली घेऊनच निघून जाई.

ती येऊन बसेल का, एवढाच घोर कॅथरिनला लागला होता.

हा मनुक्यांचा पाव, वेल्श भाषेत 'बारा ब्रिथ', भाजला की दोन दिवस फडक्यात मुरू द्यायचा, मगच कापायचा. म्हणून गुरुवारी सकाळीच तिनं पीठ काढलं. रात्रभर थंड काळ्या चहात भिजलेले मनुके टम्म फुगले होते. वाडगा काठोकाठ भरलेला. ती बघत राहिली. संपावरच्या घरांच्या पावात यंदा शोधून मनुका सापडायचा. हिचा पाव मनुक्यांनी काळाभोर दिसला, की आधी पगार दिसणार. तिनं झारा घेतला आणि निम्मे मनुके बाजूला काढले.

इवान बूट चढवत होता. "का गं काढतेस?"

"लोकांच्या डोळ्यांवर येईल."

"चोरीचे आहेत का?"

"तुझ्या पगाराचे आहेत."

त्यानं बुटाच्या नाड्या आवळल्या. जाताना दार मात्र अगदी हळू ओढून घेतलं.

शनिवारी तिचं टेबल दाराजवळ आलं, वाऱ्यात. कपबशा शेजारच्या गावातल्या बहिणीकडून मागून आणलेल्या. पोरं पावाकडे बघत रेंगाळत, आणि आया त्यांना हाका मारून परत बोलावत. म्हातारी एलिनमावशी काठी टेकत जवळून गेली. "वारा बराय का गं इथला? आमच्याकडे जागाच नाही बघ," म्हणाली आणि रिकाम्या बाकावर जाऊन बसली.

प्रार्थना झाली. किटल्या फिरू लागल्या. तेवढ्यात लौरी उठली. सगळ्यांच्या देखत अख्खं दालन ओलांडून आली आणि कॅथरिनच्या समोर बसली.

"बघतेस काय? चहा ओत की," ती म्हणाली. "माझा नवरा घरी आठ दिवस बोलणार नाही. निदान पोट तरी भरू दे."

कॅथरिननं चहा ओतला. तिनं पाव कापला, लोणी लावलं, जाड. लौरीनं तुकडा उचलला आणि उजेडाकडे धरला. मग कापलेल्या पावाकडे पाहिलं.

"हा तुझा पाव नाही."

"माझाच आहे गं."

"पोरवयापासून खातेय मी. मनुके कुठे गेले?"

"वाटलं, तुमच्या घरी सध्या..."

"आमच्या घरी काय? बोल ना."

कॅथरिन टेबलावरचे पावाचे कण बोटानं गोळा करू लागली.

"आमच्यासारखा दिसावा म्हणून केलास," लौरी हळूच म्हणाली. "आमच्या घरात नाही, त्याचं तू सोंग आणलंस. अगं, भरभरून केला असतास तर खाल्ला असता मी. तुला शिव्या देत खाल्ला असता."

तिनं तुकडा बशीत ठेवला, शाल सावरली आणि आपल्या जागी परत गेली.

घरी इवान दारातच उभा होता. "कुणी बसलं का?"

"लौरी बसली."

त्याचा चेहरा उजळला. "बघ! मग?"

"मग मी तिला उठवलं," कॅथरिन म्हणाली, आणि टोपली खाली ठेवली.