सहा ऋतू, चार रकाने

आमच्या बर्फाळ देशात ऋतू सहा. हिवाळा सरल्यावर लगेच वसंत येत नाही. मधले तीन-चार आठवडे प्शेद्व्योश्न्ये, म्हणजे पूर्ववसंत. सावलीत बर्फ टिकून असतो, वाटेत घोट्याएवढा चिखल असतो, पण हेझलच्या झुडपाचे तुरे लोंबून परागांची पिवळी धूळ सोडायला लागतात. शरदानंतर तसाच एक पूर्वहिवाळा. हे आमच्या गावात कुणाला शिकवावं लागत नाही. हवामान कार्यालयाच्या संगणकातल्या नव्या फॉर्मला मात्र ते ठाऊक नव्हतं. त्यात ऋतूंचे रकाने चार होते.

गावोगावचे निरीक्षक पोस्टकार्डावर ऋतूंच्या तारखा पाठवायचे आणि त्या फॉर्ममध्ये भरणं हे माझं काम होतं. पूर्ववसंत कुठे भरू, असं मी पहिल्याच आठवड्यात कार्यालयप्रमुख झारेंबासाहेबांना विचारलं.

"वसंतात टाक," ते मान वर न करता म्हणाले.

मी टाकला. दोन वेगळ्या राशी एका रकान्यात घालू नयेत, हे पदवीच्या पहिल्या वर्षी शिकलेली मी, मुकाट्याने टाकला. बाकीच्या निरीक्षकांनी लवकरच जास्तीच्या तारखा लिहिणं सोडलं. एकट्या लेओकादियाबाई सहाच्या सहा पाठवत राहिल्या. वसंताच्या रकान्यात त्यांची पहिली, पूर्ववसंताची तारीख बसायची आणि दुसरी, खऱ्या वसंताची, फॉर्म नाकारायचा.

दोन वर्षांनी वसंताच्या आगमनाचा नकाशा निघाला, तेव्हा त्यांच्या एकट्या गावात वसंत पंचवीस दिवस आधी आलेला दिसला. साहेबांनी पत्र तयार केलं: निरीक्षणं अविश्वसनीय, नेमणूक रद्द, एक्केचाळीस वर्षांच्या नोंदी संग्रहातून वगळण्यात येत आहेत. पत्रावर पोच म्हणून बाईंची सही आणि त्यांच्याकडचा तापमापक आणायला साहेबांनी मलाच पाठवलं.

आठ मार्चला दुपारी मी त्यांच्या स्वयंपाकघरात बसले होते. बाई शहात्तर वर्षांच्या, परसात अकरा मधपेट्या. त्यांनी पत्र दोनदा वाचलं.

"अविश्वसनीय," त्या म्हणाल्या. "पाय मोडला होता, त्या वर्षी पोस्टमनच्या खांद्याला धरून हेझलपर्यंत गेले होते मी. कोणाचं डोकं हे?"

"सही साहेबांची आहे. पण चूक माझी आहे," मी म्हटलं आणि रकान्यांचं सगळं सांगितलं.

"म्हणजे मी सहा पाठवले, तू त्याचे चार केलेस, आणि खोटी ठरले मी."

"हो."

"पोरी, तुला आकडे मोजायला शिकवलेत ना कुणी?"

 

तेवढ्यात दार ढकलून शेजारच्या गेनियाबाई आत आल्या. हातात ओली पांढरी चादर, तिच्यावर मोहरीएवढे पिवळे ठिपके.

"लोद्झा, बघ तुझ्या लाडक्यांनी काय केलंय," लेओकादियाबाईंना घरगुती नावाने हाक मारत त्या म्हणाल्या.

मधमाश्या हिवाळाभर पेटीत काही घाण करत नाहीत. पहिल्या उबदार दुपारी बाहेर पडतात आणि उडता उडता मोकळ्या होतात. त्या दिवशी शहाणं माणूस कपडे वाळत घालत नाही.

"हेझलला बोट लावून बघायचं होतंस," लेओकादियाबाई म्हणाल्या. "धूळ उडाली की दोरी रिकामी ठेवायची. किती वर्षं सांगू?"

"मी कपडे तुझ्या झुडपाला विचारून धुऊ? सव्वीस वर्षं लिहून ठेवलंय मी सगळं. एक दिवस नेऊन आपटणार आहे पंचायतीत."

"काय लिहून ठेवलंय?" मी विचारलं.

"ही कोण?"

"मला काढून टाकायला आलीय," लेओकादियाबाई म्हणाल्या. "मी तारखा खोट्या लिहिते म्हणे."

गेनियाबाईंनी चादर खुर्चीवर टाकली. "ही बाई भांडखोर आहे. मध देताना बरणी कधी गळ्यापर्यंत भरत नाही. पण तारखा? थांबा तुम्ही."

त्या सुतळीने बांधलेली सव्वीस भिंतीवरची कॅलेंडरं घेऊन आल्या. प्रत्येकात फेब्रुवारीत नाहीतर मार्चमध्ये एका दिवसाभोवती लाल गोल होता आणि शेजारी एकच शब्द: चादरी. लेओकादियाबाईंनी आपल्या वह्या काढल्या. मी दोन्ही शेजारी ठेवून वाचत गेले. एकोणीस वर्षं पूर्ववसंताची तारीख आणि चादरींची तारीख तीच. उरलेल्या सात वर्षांत दोन दिवसांहून जास्त फरक नाही.

एकमेकींशी कायम भांडणाऱ्या दोघींनी घेतलेली दोन स्वतंत्र मापं. आमच्या अख्ख्या कार्यालयात इतकी तपासलेली नोंद नव्हती, आणि तीच आम्ही पुसायला निघालो होतो.

"सही कुठे करायची?" लेओकादियाबाईंनी विचारलं.

"करू नका."

त्यांनी पत्र उलटं केलं आणि मागच्या कोऱ्या बाजूला नेहमीच्या अक्षरात लिहिलं: पूर्ववसंत, आठ मार्च. मग पत्र माझ्या हातात दिलं. "हे तुझ्या साहेबाला दे. तापमापक इथेच राहील."

दुसऱ्या दिवशी मी दोघींकडून मागून आणलेली कॅलेंडरं, वह्या आणि पत्र साहेबांच्या टेबलावर ठेवलं.

"चादरी?" ते म्हणाले. पण पानं उलटत राहिले. शेवटचं कॅलेंडर मिटून म्हणाले, "ठीक आहे, जुन्या नोंदी राहू देत. मागची दोन वर्षं दुरुस्त कर. आणि ही आठ मार्च हिवाळ्यात टाक, विषय संपव."

"हिवाळा संपलाय, साहेब."

"मग वसंतात टाक."

"वसंत लागलेला नाही. एकदा तुमचं ऐकून टाकला होता, आणि अविश्वसनीय बाई ठरल्या."

मी त्यांच्यासमोर फॉर्म उघडला, गावाचं नाव घातलं आणि तारीख कुठेच भरली नाही. रकाना लाल झाला. पुढचं पान उघडेना.

"हा असाच अडून राहील," साहेब म्हणाले.

"राहू दे. फॉर्म बनवणाऱ्यांना दिसू दे," मी म्हटलं आणि जिथून फॉर्म आला होता त्या मुख्य कार्यालयाचा नंबर लावून फोन त्यांच्या हातात दिला.